पूर्वेच्या बेटांवरील ऑर्किडे : संगोपन आणि ओळख

(मंडळाच्या सुवर्णमहोत्सवी व्याख्यानमालेत दिलेले भाषण. छपाईसाठी किंचित संक्षेप केला आहे.)



संतवाङ्मय, नाट्यसंगीत आणि मराठेशाही या मातब्बर विषयांच्या पंक्तीला ऑर्किडांचे पान मांडण्याचे धाडस कार्यकारिणीने केले, याबद्दल प्रथम तिचे आभार मानतो. आम्ही उभयता वनस्पतिशास्त्राचे पदवीधर नाही. एकाचे आयुष्य हिशेबाच्या खातेवह्यांत गेले, दुसरीचे शाळेच्या फळ्यापुढे. मात्र गेली तीसएक वर्षे या कोलकाता शहरी, तिसऱ्या मजल्यावरील पूर्वाभिमुख गच्चीत, आम्ही या वनस्पतींची शुश्रूषा करीत आलो आहोत. येथील ज्या दमट हवेने आपले पापड सादळतात आणि पुस्तकांना बुरशी धरते, तीच हवा या झाडांना मानवते. आपल्या गृहिणींची पन्नास वर्षांची तक्रार निदान एका दिशेने फळाला आली म्हणावयाचे.

ऑर्किड म्हटले की पुष्कळांच्या मनात बांडगूळ उभे राहते, म्हणून आरंभीच तो गैरसमज दूर करू. आंब्यावरचे खरे बांडगूळ आपले मूळ फांदीच्या आत घुसवून झाडाचा रस पिते. झाडावरचे ऑर्किड तसे काही करीत नाही. पाऊस, दव, वाऱ्याबरोबर येणारी धूळ आणि सालीच्या खाचांत कुजलेला पाला यांवर त्याचा निर्वाह चालतो. झाडाकडून त्याला बसावयास जागा तेवढी हवी असते. शास्त्रीय मराठीत अशांना अपिवनस्पती म्हणतात. बांडगूळ हा घरात शिरून फडताळ रिकामे करणारा पाहुणा, तर ऑर्किड हा ओसरीवर पथारी टाकून आपलीच शिदोरी खाणारा वाटसरू.

आपल्यापैकी जे कोकणातून वा घाटमाथ्यावरून आले, त्यांनी 'सीतेची वेणी' पाहिली असेल. पावसाळ्याच्या तोंडाशी जुन्या झाडांवरून लोंबणारा, पांढऱ्या-जांभळ्या फुलांचा तो गच्च तुरा. आसामात हिलाच 'कपौ फूल' म्हणतात आणि बिहूच्या दिवसांत तेथील स्त्रिया ती केसांत माळतात. तिचे शास्त्रीय नाव ऱ्हिंकोस्टायलिस रेट्युसा. सह्याद्रीत वाढणारी हीच जात पूर्वेकडे जावा, बोर्निओ आणि फिलिपीन्सपर्यंत पसरलेली आहे. तेव्हा आज आपण ज्या बेटांवर जाणार आहोत, तेथे आपले एक माहेरचे माणूस आधीच नांदत आहे!

या वेणीचे नाव शास्त्रात कसे आले, तेही ऐकण्यासारखे आहे. कोचीचा डच अधिकारी व्हान ऱ्हीड याने मलबारच्या वनस्पतींवर 'हॉर्टस मलबारिकस' हा बारा खंडांचा ग्रंथ १६७८ ते १६९३ या काळात आम्स्टरडॅम येथे प्रसिद्ध केला. त्याच्या बाराव्या खंडात ही वेणी चितारलेली आहे, आणि पुढे १७५३ साली लिनीअसने तिचे नामकरण केले ते त्या चित्राच्या आधारे. या ग्रंथाच्या कामी इट्टी अच्युदन या मलबारी वैद्याबरोबर रंगभट, विनायक पंडित आणि आपुभट या तीन कोंकणी ब्राह्मणांचे साहाय्य झाले. त्यांचे नागरी लिपीतील प्रशस्तिपत्र पहिल्या खंडात छापलेले आहे. घरापासून दूर गेलेल्या कोंकणी मंडळींनी परमुलखातल्या झाडांची नावे सांगितली, आणि ती जगाने मान्य केली, ही गोष्ट आपल्या मंडळात सांगावयास आम्हांस विशेष आनंद वाटतो.

आता मुख्य विषयाकडे वळू. ऑर्किडांचे कुल फार मोठे. त्यात पंचवीस हजारांहून अधिक जाती आहेत. तासाभराच्या भाषणात सर्वांना हात घालणे म्हणजे कुणालाच न भेटणे. म्हणून आम्ही एकच प्रजाती निवडली आहे : फॅलेनॉप्सिस. लग्नसमारंभाच्या व्यासपीठावर, विमानतळावर, बड्या दुकानांच्या दर्शनी भागी कमानदार दांड्यावर ओळीने बसलेली पांढरी किंवा गुलाबी फुले आपण पाहिली असतील. ती बहुतेक सर्व या प्रजातीतील संकरित झाडे होत. पण त्या संकरितांचे रानटी पूर्वज मुख्यतः फिलिपीन्स, बोर्निओ, सुमात्रा, जावा आणि त्यांच्या आसपासच्या बेटांवरचे. आपल्या अंदमान-निकोबारमध्येही या प्रजातीचे आप्त रानात आढळतात. इंडोनेशियात पांढऱ्या फॅलेनॉप्सिस अमॅबिलिसला 'आंग्रेक बुलान', म्हणजे चंद्र-ऑर्किड, म्हणतात. १९९३ पासून ते त्या देशाच्या तीन राष्ट्रीय फुलांपैकी एक आहे.

आमचा अनुभव असा की, संगोपनाचे पुस्तकी नियम पाठ करण्यापेक्षा हे झाड आपल्या मूळ घरी कसे राहते हे एकदा नीट समजून घ्यावे; नियम मग आपोआप सुचतात. ते राहते विषुववृत्ताजवळच्या सखल अरण्यात, मोठ्या झाडाच्या खोडावर किंवा जाड फांदीवर, वरच्या पानांच्या सावलीत. पाऊस जवळजवळ रोज. पण खोडावर पाणी साचत नाही, वारा वाहताच मुळे सुकतात. झाड उभे नसते, खाली झुकलेले असते. त्यामुळे पानांच्या गाभ्यात पडलेले पाणी निथळून जाते. आपण मात्र त्याला कुंडीत ताठ उभे करतो, संध्याकाळी वरून झारीने न्हाऊ घालतो, आणि चार दिवसांत गाभा कुजला की 'हे झाड नाजूक आहे' म्हणून मोकळे होतो. झाड नाजूक नाही. त्याला उलटे टांगले असते तर ते आपल्यापेक्षा अधिक जगले असते!

म्हणून आम्ही कुंडी किंचित तिरकी ठेवतो. बाजूंना भोके असलेली मातीची कुंडी, तीत विटांचे रोडे, लोणारी कोळसा आणि नारळाच्या सोडणाचे तुकडे. माती चिमूटभरही नाही. काही झाडे जुन्या आंब्याच्या लाकडी फळकुटावर काथ्याच्या दोरीने बांधली आहेत, ती सर्वांत सुखी दिसतात. पण त्यांना वैशाखात दिवसातून दोनदा पाणी द्यावे लागते. पाणी नेहमी सकाळी द्यावे. केव्हा द्यावे, हे मूळ स्वतः सांगते. त्याच्यावर मृत पेशींचे स्पंजासारखे आवरण असते. ते कोरडे असता रुपेरी दिसते आणि भिजले की हिरवे होते. रुपेरी झाले की पाणी द्यावे, हिरवे असता हात आवरावा. आमच्या शेजारच्या बंगाली काकू या एका सूत्रावर झाडे वाढवितात आणि त्यांची फुले आमच्यापेक्षा चांगली येतात, हे येथे प्रांजळपणे सांगितले पाहिजे.

आणखी एक चमत्कार. सर्वसाधारण झाडे आपली पर्णरंध्रे दिवसा उघडतात. फॅलेनॉप्सिस निवडुंगाप्रमाणे ती रात्री उघडून हवेतील कार्बन डायऑक्साइड साठवून ठेवते आणि दिवसा सूर्यप्रकाशात त्याचे अन्न बनविते. म्हणजे पाण्याची बचत होते. झाडाच्या शेंड्यावर राहणाऱ्यास पाण्याचा हिशेब ठेवावाच लागतो. यास्तव रात्री ही झाडे बंद खोलीत कोंडू नयेत. त्यांना रात्रीच मोकळ्या हवेची गरज अधिक.

फुलांचे गमक तापमानात आहे. अमॅबिलिस आणि तिच्या जवळच्या जाती सतत अठ्ठावीस अंशांवर राहिल्या, तर नुसती पाने काढीत बसतात. रात्री गार होऊ लागल्या की दांडा फुटतो. कोलकात्यात दुर्गापूजा आटोपली, पहाटे पांघरूण ओढावेसे वाटू लागले की आमच्या गच्चीत दांड्यांची टोके दिसू लागतात, आणि माघ-फाल्गुनात फुले येतात. सरस्वतीपूजेला घरचे फूल वाहता येते, ते असे. उलट बोर्निओ आणि सुमात्राच्या सखल भागातील काही जातींना थंडी मुळीच खपत नाही. पौषात येथे पारा बारा-तेरा अंशांपर्यंत उतरतो, तेव्हा त्यांना आम्ही स्वयंपाकघराच्या खिडकीत आणतो. त्यांची फुले पावसाळ्यात येतात. तेव्हा 'फॅलेनॉप्सिसला थंडी द्यावी की न द्यावी?' या प्रश्नाला एक उत्तर नाही. 'कोणत्या बेटावरची?' असा उलट प्रश्न करणे भाग पडते. झाडाची ओळख ही विद्वानांची करमणूक नव्हे. झाड जगवावयाचे असेल तर ती लागतेच.

आणि ओळख पटविणे येथे भलतेच कठीण आहे. प्रत्यक्ष शास्त्रज्ञांची त्यात कशी दमछाक झाली ते पाहा.

ऱ्हीड कोचीत काम करीत असताना, त्याच डच कंपनीचा दुसरा एक चाकर मोलुक्का बेटांतील आंबोन येथे वनस्पतींची नोंद करीत होता. त्याचे नाव रुम्फिअस. १६७० मध्ये तो आंधळा झाला. १६७४ च्या भूकंपात त्याची पत्नी आणि कन्या दगावली. १६८७ च्या आगीत त्याची चित्रे जळाली. ती त्याने दुसऱ्यांकडून पुन्हा काढवून घेतली. ग्रंथाचा पहिला भाग हॉलंडला नेणारे जहाज १६९२ मध्ये फ्रेंचांनी बुडविले. सुदैवाने बटाव्हिआच्या गव्हर्नर जनरलने त्याची नक्कल करून ठेवली होती. रुम्फिअस १७०२ मध्ये वारला आणि त्याचा ग्रंथ छापून येऊ लागला १७४१ मध्ये. या ग्रंथात पांढऱ्या चंद्र-ऑर्किडाचे वर्णन आहे. आपल्या डोळ्यांनी दिसेनासे झालेले फूल इतरांच्या डोळ्यांनी पाहून ज्याने लिहिले, त्याच्यापुढे आमच्यासारख्या हौशी मंडळींनी 'चष्मा सापडत नाही' ही सबब सांगू नये.

पुढे पेर ऑसबेक या स्वीडिश प्रवाशाने जावाच्या किनाऱ्याजवळ हे फूल गोळा केले आणि लिनीअसने १७५३ मध्ये त्याला 'अमॅबिलिस', म्हणजे मनोहर, या अर्थाचे नाव दिले. फॅलेनॉप्सिस ही प्रजाती १८२५ मध्ये ब्ल्यूम याने स्थापिली. तो जावातील बॉइटेनझॉर्ग, म्हणजे आजच्या बोगोर, येथील उद्यानाचा संचालक होता. त्याला दुरून ही फुले पतंगांचा थवाच वाटली असे सांगतात. फॅलेनॉप्सिस या ग्रीक नावाचा अर्थच पतंगासारखे दिसणारे असा आहे.

येथवर ठीक होते. १८३० च्या दशकात ह्यू कमिंग याने फिलिपीन्सहून अशाच पांढऱ्या फुलाची जिवंत झाडे इंग्लंडला धाडली. लिंडली या थोर वनस्पतितज्ज्ञाने ती पाहिली आणि 'अमॅबिलिस' असे नाव सांगितले. पुढे खुद्द जावाहून खरी अमॅबिलिस इंग्लंडात येऊन फुलली, तेव्हा नाव आधीच दुसरीला देऊन बसल्यामुळे लिंडलीने १८४८ मध्ये तिला 'ग्रँडिफ्लोरा' असे नवे नाव ठेवले. म्हणजे पाहुणीने घरधनिणीचे नाव घेतले आणि घरधनिणीस टोपणनावावर राहावे लागले! हा घोटाळा रायशनबाखने १८६२ मध्ये निस्तरला. जावाच्या झाडाचे नाव जावाच्या झाडाला परत मिळाले आणि फिलिपीन्सच्या झाडास 'अफ्रोडाइट' हे नाव मिळाले. या दोघींतील फरक फुलाच्या मधल्या, खालच्या पाकळीत, म्हणजे ओष्ठात, दिसतो. अफ्रोडाइटच्या ओष्ठाचा मधला खंड त्रिकोणी असतो. अमॅबिलिसचा अरुंद, काहीसा क्रूसाच्या आकाराचा. दोघींच्याही ओष्ठाच्या टोकास मिशांसारखे दोन तंतू असतात, तेव्हा त्यांवर जाऊ नये. एक साधे भिंग पुरते.

ज्या रायशनबाखने हा गुंता सोडविला, त्यानेच पुढच्यांसाठी दुसरा करून ठेवला. १८८९ मध्ये तो वारला तेव्हा मृत्युपत्रान्वये त्याचा वनस्पतिसंग्रह व्हिएन्नाला गेला; अट अशी की पंचवीस वर्षे तो उघडू नये. परिणामी त्याने नावे दिलेल्या असंख्य ऑर्किडांचे मूळ नमुने ताडून पाहण्याची सोयच एक पिढी उरली नाही. विद्वानांचा राग भाऊबंदकीइतकाच चिवट असतो, एवढेच यावर म्हणता येईल.

आता आमच्या मंडळातील हकिकत सांगतो, कारण या भाषणाचा खरा विषय तीच आहे. आपले एक ज्येष्ठ सभासद, ज्यांना आपण सर्व नाना म्हणत होतो, आम्हां उभयतांचे या छंदातील गुरू. नोकरीनिमित्त त्यांचे सिंगापूरला जाणे-येणे असे. तेथील रोपवाटिकांतून रीतसर परवान्याने आणलेली सतरा फॅलेनॉप्सिस त्यांच्या गच्चीत होती. प्रत्येक कुंडीस अ‍ॅल्युमिनिअमची पट्टी, तीवर टोकदार खिळ्याने कोरलेले नाव. नाना गेले त्याच वर्षी त्यांच्या इमारतीस रंग द्यावयाचे निघाले. रंगाऱ्यांनी कुंड्या हलविताना पट्ट्या गळून पडू नयेत म्हणून त्या सर्व काढून अत्यंत प्रामाणिकपणे बिस्किटांच्या एका डब्यात ठेवल्या. नानांच्या सूनबाईंनी सतरा कुंड्या आणि तो डबा आमच्या हवाली केला, आणि म्हणाल्या, "काका, मामंजी यांना नावाने हाक मारीत असत. आम्हांला एकही ओळखता येत नाही."

सतरा झाडे, सतरा नावे. आणि कोणते नाव कोणाचे हे सांगणारा माणूस निघून गेलेला. पाने पाहून फॅलेनॉप्सिसची जात ओळखणे बहुधा शक्य नसते. फुलांची वाट पाहणे एवढेच हाती होते. आम्ही कुंड्यांना एक ते सतरा क्रमांक घातले, एक वही केली आणि दर फुलाचा दिनांक, रंग, मोजमाप, ओष्ठाचे रेखाटन आणि वास यांची नोंद ठेवू लागलो. दोन झाडे तेवढी पानांवरूनच वेगळी निघाली. त्यांची पाने रुपेरी-करड्या नक्षीची, खालून जांभळी. डब्यातील पट्ट्यांत अशा पानांच्या दोनच जाती होत्या : लुझोन बेटावरील शिलेरियाना आणि मिंदानावची स्ट्युअर्टियाना. पण फुलाविना या दोघींतील कोणती कोणती, हे सांगणे जवळजवळ अशक्य. फाल्गुनात तिसऱ्या क्रमांकाला गुलाबी फुले आली. अगदी मंद, गुलाबाच्या जातीचा वास. ती शिलेरियाना. नवव्या क्रमांकाची फुले पांढरी निघाली; खालच्या दोन निदलांच्या आतल्या अर्ध्या भागावर तपकिरी ठिपके, जणू कुणी अर्ध्यापर्यंतच शिंपडून थांबावे. ती स्ट्युअर्टियाना. त्या दिवशी आम्ही सूनबाईंना दूरध्वनी केला, आणि संध्याकाळी त्या आपल्या मुलाला घेऊन फुले पाहावयास आल्या.

डब्यातील एका पट्टीवर मात्र असे कोरलेले होते : 'व्हायोलेसिया. बोर्निओ. १९८८.' श्रावणात बाराव्या क्रमांकास फूल आले. मेणासारखे जाड, फिकट हिरवट. खालची दोन निदले आत वळलेली आणि त्यांच्या आतल्या बाजूस गडद जांभळा रंग. वास लिंबासारखा, गोड. आमच्याकडील नव्या ग्रंथाप्रमाणे हे फूल व्हायोलेसियाचे नव्हे! मग नानांचे चुकले काय? मुळीच नाही. १९८८ मध्ये हेच नाव बरोबर होते. त्या काळी व्हायोलेसियाचे दोन प्रकार मानीत : एक मलाया-सुमात्राचा, दुसरा बोर्निओचा. रायशनबाखने १८८४ मध्येच बोर्निओच्या झाडास 'बेलिना' या उपप्रकाराचे नाव दिले होते, पण तिला स्वतंत्र जातीचा दर्जा मिळाला तो १९९५ मध्ये, एरिक क्रिस्टेन्सन यांच्या अभ्यासाने. फुलांच्या आकारातील भेदाबरोबर त्यात वासाचाही पुरावा होता. बेलिनाच्या सुगंधात जेरॅनिऑल आणि लिनॅलूल हे घटक प्रमुख, तर व्हायोलेसियाच्या वासात मसाल्याची झाक देणारे निराळे घटक. नाकाने दिलेली साक्ष वनस्पतिशास्त्राच्या दरबारात ग्राह्य धरली गेली, ही आम्हांस मोठी गमतीची गोष्ट वाटते.

पण मुद्दा निराळा. नानांनी पट्टीवर केवळ 'व्हायोलेसिया' लिहून ठेवले असते, तर ते आज चुकीचे ठरले असते. त्यांनी शेजारी 'बोर्निओ' असे कोरले, म्हणून नाव बदलल्यावरही झाडाची ओळख शाबूत राहिली. नावे विद्वान ठेवतात, ती ते बदलूही शकतात; मात्र झाड कोठून आले, ही घडून गेलेली घटना आहे. आपल्याकडे आडनावाला 'कर' लावून गाव बांधून ठेवण्याची जी रीत आहे, ती आमच्या मते वनस्पतिशास्त्राच्या दृष्टीनेही अत्यंत शास्त्रशुद्ध आहे. तीन पिढ्या गंगाकाठी काढलेला येथील चिपळूणकर अजून चिपळूणकरच आहे.

गाव खोटे सांगितले तर काय अनर्थ होतो याचेही उदाहरण आहे. गेल्या शतकापूर्वी इंग्लंडातील ऑर्किडांचे व्यापारी एकमेकांवर पाळत ठेवून असत. १८८७ च्या सुमारास सँडर यांच्या पेढीने एक भव्य पट्टेदार फूल विक्रीस आणले; पॅफिओपेडिलम रॉथ्सचिल्डियानम. प्रतिस्पर्ध्यांनी मूळ जागी जाऊ नये म्हणून त्याचे स्थान न्यू गिनी असे सांगितले गेले. प्रत्यक्षात ते बोर्निओच्या किनाबालू पर्वतावरचे. शोधणारे भलत्याच बेटावर शोधीत राहिले. किनाबालूवर ही जात पुन्हा सापडली १९५९ मध्ये. असा कावा व्यापाऱ्याला फायद्याचा झाला असेल. पण झाडाचे हवामान, उंची, खडक यांविषयी घरोघरी खोट्या माहितीवर उपचार होत राहिले असतील, त्याचे काय?

आजही हे थांबलेले नाही. आमच्याकडे टपालाने 'बेलिना' म्हणून आलेल्या तीन रोपांपैकी दोन सरळसरळ संकरित निघाली. विकणाऱ्याचे नाव येथे घेण्याचे कारण नाही. संकरितांबद्दल आमच्या मनात आकस नाही. निसर्गही संकर करतो. फिलिपीन्समधील 'इंटरमीडिया' नावाचे झाड हा अफ्रोडाइट आणि इक्वेस्ट्रिस यांचा नैसर्गिक संकर असावा असा तर्क होता. व्हीच यांच्या रोपवाटिकेत जॉन सीडन याने त्याच दोन जातींचा हाताने संकर केला आणि १८८६ मध्ये फूल आले ते तसेच. आक्षेप एवढाच की संकराला संकर म्हणावे. रानातील मूळ जात दिवसेंदिवस विरळ होत असता, तिच्या नावाखाली भलतेच झाड घरोघर वाढू लागले, तर उद्या रानात नाहीशी झालेली जात कुठे तरी शिल्लक आहे असे समजून आपण निर्धास्त राहू, आणि ती कुठेच नसेल.

यावरून आणखी एक गोष्ट. रानातून ओरबाडून आणलेले झाड कितीही स्वस्त असो, घेऊ नये. सर्व ऑर्किडे आंतरराष्ट्रीय व्यापाराच्या 'साइट्स' कराराखाली येतात; १९७५ मध्ये तो अमलात आला आणि भारत १९७६ पासून त्यात आहे. परदेशाहून येताना पिशवीत एखादे रोप टाकून आणणे हा प्रेमाचा प्रकार असला तरी कायद्याने गुन्हा ठरू शकतो. शिवाय त्याची गरजही उरलेली नाही. ऑर्किडचे बी धुळीसारखे सूक्ष्म. त्यात अन्नाचा साठा नसतो, म्हणून रानात ते विशिष्ट बुरशीच्या साहाय्याविना रुजत नाही. १९२२ मध्ये नड्सन या अमेरिकन शास्त्रज्ञाने साखर आणि क्षार घातलेल्या अगारवर, बुरशीशिवाय, हे बी रुजविण्याची पद्धत प्रसिद्ध केली. एका बोंडातून हजारो रोपे काचेच्या बाटलीत तयार होऊ लागली. बाटलीत जन्मलेले रोप घ्यावे. ते आपल्या गच्चीला लवकर रुळते.

नानांच्या सतरा झाडांपैकी चौदांना आजवर त्यांची पट्टी परत मिळाली. दोन झाडे अद्याप फुललेली नाहीत. एकाचे फूल डब्यातील कोणत्याच नावाशी जुळत नाही. फिकट पिवळ्यावर तांबूस आडवे पट्टे. ते ल्यूडेमॅनियाना गटातले आहे इतके आम्ही सांगू शकतो. या गटातील फिलिपीन्सच्या जाती एकमेकींच्या इतक्या जवळच्या, की एकेकाळी त्यांतील पुष्कळ एकाच जातीचे प्रकार समजले जात. त्या कुंडीवर आम्ही नाव लिहिलेले नाही. 'नानांचे, क्रमांक पाच, फूल चैत्रात' एवढेच लिहिले आहे. अंदाजाने नाव देण्यापेक्षा कोरी जागा बरी. पुढे जाणकार भेटेल, तो भरील.

पट्टीविषयी व्यावहारिक सूचना करून थांबतो. शाईने लिहू नये, दोन पावसाळ्यांत पुसते. शिसपेन्सिलीने प्लॅस्टिकवर किंवा खिळ्याने अ‍ॅल्युमिनिअमवर लिहावे. जात, बेट, कोणाकडून आणि कोणत्या वर्षी मिळाले, एवढे पुरे. पट्टी कुंडीच्या काठाला नव्हे, झाडाच्या बुडाशी तारेने बांधावी. कुंडी बदलते, झाड तेच राहते. हीच नोंद वहीत ठेवावी आणि वही कोठे आहे ते घरातल्या धाकट्यांना सांगून ठेवावे.

(व्याख्यानानंतर विचारलेल्या प्रश्नांपैकी दोन.)

'फुले गळल्यावर दांडा कापावा काय?' असा प्रश्न एका भगिनीने विचारला. अमॅबिलिसच्या वर्गातील झाडाचा दांडा सुकला तर कापावा. हिरवा असेल तर त्याच्या पेरातून पुन्हा फुटवा येऊ शकतो, पण झाड अशक्त असेल तर तो लोभ टाळावा. बेलिना आणि व्हायोलेसिया यांचा हिरवा दांडा मात्र कधीही कापू नये. त्यांना एका वेळी एकदोनच फुले येतात आणि तोच दांडा वर्षानुवर्षे फुलत राहतो. आमच्याकडील बाराव्या क्रमांकाचा दांडा नानांच्या हयातीतला आहे.

'दांड्यावर लहानसे रोप फुटले आहे, ते केव्हा वेगळे करावे?' असे एका विद्यार्थ्याने विचारले. त्याला स्वतःची तीन-चार मुळे फुटून ती बोटाएवढी लांब झाली म्हणजे, आणि शक्यतो पावसाळ्याच्या आरंभी. आमच्या इक्वेस्ट्रिसवर अशी पाच रोपे तयार आहेत. ज्यांना हवी असतील त्यांनी आषाढात येऊन न्यावीत. पट्टी आम्ही लिहून देऊ. वही ज्याची त्याने आणावी.